आबांचं सेबर आणि देवघरामागचा पत्रा

शाहूपुरी (धागाकर्ता) | रविवार, रात्री ९:१०

नमस्कार मंडळी. सल्ला हवाय, आणि गुरुवारच्या आत हवाय.

आमच्या साताऱ्याच्या घरी देवघराच्या मागे एक पत्रा उभा करून ठेवलेला आहे. जेवणाच्या ताटाएवढा. एक कड वेडीवाकडी फाटलेली, दुसऱ्या बाजूला सरळ शिवण. आजोबा (आम्ही आबा म्हणतो) १९६५ च्या लढाईत अमृतसरला रडारभोवतीच्या विमानविरोधी तोफांवर होते. पुढच्या सुट्टीवर आले तेव्हा ट्रंकेत घोंगड्याच्या घडीत गुंडाळून त्यांनी तो आणला. आजी होती तोवर खंडेनवमीला कोयता, विळा आणि अडकित्त्याच्या रांगेत त्या पत्र्यालाही हळदकुंकू लागायचं.

घरातली गोष्ट अशी की सेबर (पाकिस्तानचं लढाऊ जेट विमान) आलं, आबांच्या तोफेनं त्याला धरलं, ते धूर सोडत गेलं आणि दुसऱ्या दिवशी मक्याच्या रानात हा तुकडा सापडला. जत्रेला पावणे जमले की ही गोष्ट ठरलेली. मी ती शंभरदा ऐकलीय आणि पन्नासदा सांगितलीय.

आता पुतणीच्या शाळेत सप्टेंबरचं प्रदर्शन आहे. बाईंनी चिठ्ठी पाठवलीय की वस्तूखाली लावायला चार ओळी लिहून द्या. मी झटक्यात लिहिलं, "आजोबांच्या तोफेने पाडलेल्या पाकिस्तानी सेबर विमानाचा अवशेष." मग म्हटलं तारीख घालावी, म्हणून वाचायला बसलो आणि तिथंच अडकलो. ११ सप्टेंबरला त्या रडारवर हल्ला करताना पाकिस्तानचे स्क्वाड्रन लीडर मुनीर-उद-दीन अहमद मारले गेले, ते पाकिस्तानही मान्य करतो. मला वाटलं हेच ते. आबांना विचारलं तर म्हणाले, "न्हाई, आमचं त्येच्या आदुगरचं."

मग आमचं विमान कुणाच्या वहीत लिहिलंय?

गणपतीपेठ | रविवार, रात्री ९:३२

लिहा की बिनधास्त. शाळेच्या प्रदर्शनात पाकिस्तानचा वकील येणार आहे का उलटतपासणीला? आमच्या सांगलीत गणपतीच्या देखाव्यात याच्यापेक्षा मोठ्या थापा खपतात.

फोटो टाका पण.

निवृत्त_एल७० | रविवार, रात्री १०:२५

शाहूपुरीकर, आबांना कोरेगावहून माझा रामराम सांगा. मी त्यांच्या फार नंतरचा. मी भरती झालो तेव्हा एल-७० तोफा आल्या होत्या, आबांच्या हाती तिच्या आधीची एल-६० असणार. दोन्ही चाळीस मिलिमीटरच्याच, पण एल-६० वर सगळा हातांचा खेळ. दोघं जण दोन बाजूंना बसायचे. एकानं चाक फिरवून तोफ आडवी वळवायची, दुसऱ्यानं नळी वर-खाली करायची. आणि मागे चौथऱ्यावर उभा राहायचा तो भरणारा. चार गोळ्यांची एक क्लिप, वजन आठ-नऊ किलो, ती वरून खाचेत ढकलायची. तोफ मिनिटाला १२० च्या चालीनं मारते. म्हणजे क्लिप दोन सेकंदांत गिळली. लगेच दुसरी. भरणाऱ्याला विमान दिसत नसतं. त्याला खाच दिसते, आणि पुढची क्लिप देणाऱ्याचे हात.

आता हिशोब करा. सेबर ताशी ९०० किलोमीटरनं आलं म्हणजे सेकंदाला अडीचशे मीटर. तीन किलोमीटर तुमच्या माऱ्यात धरलं तर तुमच्या हाती सेकंद बारा. बारा सेकंदांत एका तोफेच्या गोळ्या चोवीस. सहा तोफा धरल्या तरी दीडशे भरत नाहीत. एवढ्यात जे व्हायचं ते होतं.

आणि झालंच, तर सहाही तोफांवर एकच ओरडा उठतो, "आपली बसली!" कुणी खोटं बोलत नसतो. प्रत्येकाला आपलीच पेटती रेघ विमानाकडं जाताना दिसलेली असते. संध्याकाळी सहा तोफांचे सहा रिपोर्ट वर जातात. पडलेलं असतं एक. कधी एकही नाही.

आबा तोफेवर काय होते, तेवढं विचारा.

शाहूपुरी | रविवार, रात्री १०:४८

काका, भरणारे होते. डावा कान तेव्हापासून गेलाय. आम्ही सगळे त्यांच्या उजव्या बाजूला बसतो, घरात ती सवयच आहे.

तुमचं वाचून एक गोष्ट लक्षात आली. आबांनी "मी पाडलं" असं कधीच म्हटलेलं नाही. "पाहिलं" असंही नाही. ते म्हणतात "पडलं." बाकीचं सगळं आम्ही घातलेलं.

फोटो जोडतोय.

बेदाणा | रविवार, रात्री ११:१५

मी तासगावचा. वीस वर्षं हवाईदलात विमानाच्या सांगाड्याचं काम केलं, आता बेदाण्याचं शेड बघतो. गोडी छाटणी तोंडावर आलीय, झोप तशीही नाही, म्हणून फोटो मोठा करून बघत बसलो.

चार गोष्टी सांगा. पत्रा आतून कसल्या रंगाचा आहे? रिव्हेटच्या भोकांची रांग कुठं दिसते का? वाक सगळीकडं सारखा आहे की एकीकडं जास्त? आणि वरच्या कोपऱ्यात जी जाड गोल कड दिसतेय ती काय आहे?

शाहूपुरी | रविवार, रात्री ११:४०

बॅटरी घेऊन बघून आलो. आतून रंग नाही, नुसता मळकट पांढुरका. रिव्हेट नाही, भोक नाही. जी शिवण म्हणतोय ती डागल्यासारखी आहे, वेल्डिंगची. वाक सगळीकडं सारखा, मोठ्या पिंपाचा तुकडा असावा तसा. जाड कड म्हणजे गोल भोकाची अर्धी चकती, झाकण बसत असेल अशी.

अवांतर : देवघरामागं दोन पाली आणि १९९४ चं पंचांग सापडलं.

बेदाणा | सोमवार, सकाळी ६:२०

शाहूपुरी, वाईट वाटून घेऊ नका. हा विमानाच्या अंगावरचा पत्रा नाही. अंगावरचा पत्रा आतून हिरवट-पिवळ्या रंगानं रंगवलेला असतो, गंजू नये म्हणून, आणि त्याला रिव्हेटच्या रांगाच रांगा असतात. पंख असो की पोट, वाक जागोजाग बदलतो. तुमचा तुकडा जादा टाकीचा आहे. सेबरच्या पंखाखाली इंधनाच्या लांबट टाक्या लटकवलेल्या असायच्या, लांबचा पल्ला गाठायला. त्या वाटेत टाकून देण्यासाठीच केलेल्या असतात. रंगकाम कशाला करतील? जाड कड म्हणजे इंधन भरायचं तोंड.

आता खाली उभ्या माणसाला काय दिसतं ते बघा. तोफा सुरू झाल्या की पायलट आधी टाक्या सोडतो, वजन कमी करायला. खालून दिसतं की विमानातून काहीतरी तुटून पडलं. टाकीत उरलेलं इंधन हवेत फवारलं जातं, त्याचा पांढरा पट्टा दिसतो. त्याच क्षणी तो थ्रॉटल पुढं ढकलतो, आणि त्या काळची जेट इंजिनं जोर दिला की काळा धूर ओकायची. तुकडा पडला, पांढरा पट्टा निघाला, काळा धूर निघाला आणि विमान झाडांच्या मागं खाली गेलं. मीही शपथेवर सांगितलं असतं की पडलं.

मिरजमळा | सोमवार, सकाळी ८:०५

कमाल आहे लोकांची. म्हातारा माणूस देशासाठी कान घालवून बसला, आणि इथं फोटो बघून त्याचा खोटेपणा काढायलाय. पाकिस्तानी लोक असं करतात का? त्यांचे पायलट एम. एम. आलम मिनिटभरात आपली पाच हंटर विमानं पाडली म्हणून आजही शाळेच्या पुस्तकात आहेत.

स्वाती_विटा | सोमवार, सकाळी ९:३०

मिरजमळा, तुमचंच उदाहरण घ्या. आलम यांची ७ सप्टेंबर १९६५ ची पाच हंटर आपल्या नोंदींशी जुळत नाहीत. तो आकडा आपण मानत नाही, कारण कोणतं विमान कुणी उडवलं आणि कोण परत आलं नाही याची यादी आपल्याकडं आहे. तोच न्याय आपल्या दाव्यांना लावायचा की नाही?

आणि हा रोग फक्त इकडचा नाही. १५ सप्टेंबर १९४० ला ब्रिटननं जाहीर केलं की आज जर्मनांची १८५ विमानं पाडली. युद्धानंतर जर्मन कागद हाती आले तेव्हा आकडा साठच्या आसपास निघाला. तिपटीचा फरक. तरी लढाई तर त्यांनीच जिंकली होती! म्हणजे दावा फुगलेला होता म्हणून पराक्रम खोटा ठरत नाही. दोन वेगळ्या वह्या आहेत.

माझे वडील पतसंस्थेत होते. ते म्हणायचे, येणं किती आहे ते गिऱ्हाइकाला विचारू नये आणि देणं किती आहे ते मालकाला विचारू नये. विमानांचंही तेच. पाडलेली किती हे पाडणाऱ्याला विचारून कळत नाही. ज्याची गेली त्याच्या हजेरीपटावर कळतं.

आणि उलटं उदाहरणही त्याच ७ सप्टेंबरचं आहे. पाकिस्तानच्या सरगोधा तळावरच्या हल्ल्यात स्क्वाड्रन लीडर ए. बी. देवय्या यांचं मिस्टेअर विमान परत आलं नाही. आपल्याकडं नोंद काय, तर बेपत्ता. त्यांनी पाकिस्तानचं एक स्टारफायटर पाडलं होतं, आपल्या विमानापेक्षा दुप्पट वेगाचं. पण सांगायला परत कोण आलं होतं? पाकिस्तानच्या बाजूनं लिहिलेलं पुढं वाचनात आलं तेव्हा इकडं उलगडा झाला. महावीर चक्र मरणोत्तर मिळालं १९८८ मध्ये. २३ वर्षं तो विजय आपल्या वहीत नव्हताच.

मिरजमळा | सोमवार, सकाळी ९:५२

देवय्यांचं माहीत नव्हतं. बरं.

गणपतीपेठ | सोमवार, सकाळी १०:१५

मिरजमळ्यानं माघार घेतली, तारीख लिहून ठेवा रे.

वारणाकाठ | सोमवार, दुपारी १:४०

धागा छान चाललाय. मला एक कळत नाही. सिनेमात विमानं एकमेकांच्या मागं लागतात आणि पडतात. प्रत्यक्षात नेमकी कशानं पडतात? बेदाणाभाऊ, तुम्ही आतले.

बेदाणा | सोमवार, रात्री ९:०५

वारणाकाठ, आज शेडमध्ये ताडपत्री बदलायची होती म्हणून उशीर.

एकमेकांच्या मागं लागून पडतात ती गाजतात, म्हणून तीच लक्षात राहतात. २२ नोव्हेंबर १९७१ ची बोयऱ्याची लढाई घ्या. कोलकात्याच्या दमदमहून निघालेली आपली चार नॅट विमानं, समोर सेबर. मिनिटांचा खेळ. दोन पाकिस्तानी पायलट छत्रीनं उतरले आणि धरले गेले, त्यातले परवेझ मेहदी कुरेशी पुढं त्यांचे हवाईदल प्रमुख झाले. त्यातही आपण म्हणतो तीन पाडली, ते म्हणतात दोन गेली आणि तिसरं मार खाऊन घरी पोचलं. वर स्वातीताईंनी सांगितलेली तीच गोष्ट.

पण मी ज्या हँगरमध्ये काम केलं तिथल्या जुन्या लोकांच्या बोलण्यात असली विमानं कमी आणि बाकीचीच जास्त असायची. जमिनीलगत जाऊन बॉम्ब टाकायचा म्हटलं की रायफलपासून तोफेपर्यंत सगळं पोचतं. उभी विमानं तर आणखी सोपी. ६ सप्टेंबर १९६५ च्या संध्याकाळी पठाणकोटवर सेबर आली आणि आपली दहाच्या आसपास विमानं जमिनीवरच जळाली, त्यात नवी कोरी दोन मिग-२१. ती हवेत गेलीच नाहीत. आणि ३ सप्टेंबरला एक नॅट शत्रूच्याच पसरूरच्या धावपट्टीवर उतरलं. ते आज कराचीच्या संग्रहालयात उभं आहे. धड ते पडलं नाही, धड परत आलं नाही. अशाला कोणत्या रकान्यात टाकणार?

कारगिलचं सांगतो, कारण तेव्हा मी नोकरीत होतो. लढाईच्या जागी नव्हतो, पण बातमी आमच्याकडं तुमच्याआधी यायची. २७ मे १९९९. फ्लाइट लेफ्टनंट नचिकेता यांच्या मिग-२७ चं इंजिन बंद पडलं. उंचीवर हवा विरळ, इंजिन पुन्हा धरेना, ते छत्रीनं उतरले. मग स्क्वाड्रन लीडर अजय आहुजा त्यांची जागा हेरायला थांबले. मिग-२१ मध्ये, खाली खांद्यावरून सोडायची क्षेपणास्त्रं आहेत हे माहीत असताना. ते परत आले नाहीत. दुसऱ्या दिवशी तोलोलिंगजवळ मिग नव्हे, एमआय-१७ हेलिकॉप्टर गेलं, चौघं जण. चौघांत दोन सार्जंट होते, आमच्यातलेच. उष्णतेमागं येणाऱ्या क्षेपणास्त्राला चकवायला जळते फ्लेअर सोडावे लागतात, ती यंत्रणा त्या हेलिकॉप्टरवर नव्हती. त्यानंतर त्या कामातून हेलिकॉप्टरं काढून घेतली, विमानं क्षेपणास्त्राच्या आवाक्याच्या वरून जाऊ लागली, आणि मिराज-२००० लेसरवर नेम धरून बॉम्ब टाकायला लागलं.

दोन दिवसांत दोन विमानं आणि एक हेलिकॉप्टर म्हणून पेपरात आलं. आमच्यासाठी ते वेगळं असतं. विमान निघतं तेव्हा चाकांना लावलेले लाकडी ठोकळे आपण ओढून बाजूला ठेवतो. चोक म्हणतात. परत आलं की तेच पुन्हा लावायचे. परत आलं नाही की सिमेंटवर तेलाचे चार थेंब आणि ते दोन ठोकळे राहतात. कुणी उचलत नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी झाडलोट करणारा येतो, त्यालाही कुणी काही सांगत नाही, तो ते वळसा घालून झाडतो.

स्वाती_विटा | सोमवार, रात्री ९:४०

बेदाणाभाऊ, हे वाचून थांबले जरा.

निवृत्त_एल७० | सोमवार, रात्री १०:१०

बेदाणा साहेबांनी एक रकाना सोडला. मुद्दाम सोडला असेल, पण तोफखान्यातल्या माणसानंच तो सांगितला पाहिजे. आपणच आपलं पाडलेलं.

२७ फेब्रुवारी २०१९. सगळ्यांना अभिनंदन आठवतात. त्याच सकाळी श्रीनगरजवळ बडगामला आपलं एमआय-१७ आपल्याच क्षेपणास्त्रानं पडलं. आतले सहा हवाईसैनिक गेले, खाली एक गावकरी गेला. त्या सहांत नाशिकचे स्क्वाड्रन लीडर निनाद मांडवगणे होते. ऑक्टोबरमध्ये हवाईदल प्रमुखांनी ही आमची मोठी चूक होती असं जाहीर कबूल केलं. अमेरिकेनं २००३ मध्ये इराकवर चाल केली तेव्हा त्यांच्या पॅट्रियट क्षेपणास्त्रानं मित्राचं, म्हणजे ब्रिटनचं, टोर्नेडो विमान पाडलं. रशियानं १९६० मध्ये अमेरिकेचं हेरविमान पाडलं त्या गोंधळात त्यांचं स्वतःचं एक मिग-१९ गेलं.

बाहेरच्या माणसाला वाटतं, आपलं विमान ओळखता येत नाही का? मघाचे बारा सेकंद आठवा. त्यात ओळखायचं, विचारायचं, ठरवायचं आणि मारायचं. सूर्य समोर असला तर सहा. म्हणून तोफांना हुकूम वरून येतो, आता मोकळं मारा, आता बांधून ठेवा. "बांधून" असताना डोक्यावरून कोणी जात असलं तरी हात खिशात. सराव म्हणजे निम्मा हाच सराव, न मारण्याचा. मी चौदा वर्षं तोच शिकवला.

वारणाकाठ | मंगळवार, सकाळी ७:५०

पकडलेल्यांच्या रकान्यात आपला दिलीप पारुळकर राहिला की. १० डिसेंबर १९७१ ला त्यांचं सुखोई-७ पडलं, रावळपिंडीच्या छावणीत ठेवलं. लढाई कधीच संपली होती, तरी १९७२ च्या ऑगस्टमध्ये पारुळकर, ग्रेवाल आणि हरीश सिंहजी भिंत फोडून पळाले. पेशावरहून पुढं अफगाण सरहद्द गाठायची. लंडी कोतलला चौकशी केली, लंडी खानाला कसं जायचं? जुन्या नकाशात ते स्टेशन होतं. तिथली गाडी १९३२ सालीच बंद झालेली. चाळीस वर्षांपूर्वी बंद पडलेल्या स्टेशनाचा पत्ता विचारणारे तीन तरुण बघून लोकांनी धरलं. सरहद्द अगदी तोंडाशी आली होती.

मिरजेत कुणी आज छोट्या गाडीनं पंढरपूरला कसं जायचं विचारलं तर आपणही धरू!

मिरजमळा | मंगळवार, सकाळी ८:४०

जुनं झालं सगळं. मे २०२५ चं बोला. आपली किती, त्यांची किती? आत्ताचं तरी खरं कळेल का?

स्वाती_विटा | मंगळवार, सकाळी ९:१५

जे जाहीर आहे तेवढं सांगते. संरक्षण दल प्रमुख अनिल चौहान ३१ मे ला सिंगापुरात म्हणाले की आपलं नुकसान झालं. आकडा दिला नाही. किती पडली यापेक्षा का पडली हे महत्त्वाचं, असा त्यांचा रोख होता. ९ ऑगस्टला बंगळुरूत हवाईदल प्रमुख ए. पी. सिंग म्हणाले की पाकिस्तानची पाच लढाऊ आणि एक मोठं विमान आपण पाडलं, ते मोठं तर ३०० किलोमीटरच्या अंतरावरून. पाकिस्ताननं ते नाकारलं, आणि त्यांचा आपल्याबद्दलचा दावा आपण मानत नाही.

म्हणजे १९६५ सारखंच. फरक एवढाच की ३०० किलोमीटर म्हणजे इथून जवळजवळ मुंबईच्याही पलीकडं. पाडणाऱ्याला दिसतो तो पडद्यावरचा ठिपका, मग ठिपका जातो. मक्याच्या रानात जाऊन पत्रा उचलणारं कुणी नाही.

चावडी_नियंत्रक | मंगळवार, सकाळी ९:३०

मे २०२५ वर इथंच थांबू. पक्षांची नावं यायला लागली की धागा कुलूपबंद होईल. दोन प्रतिसाद उडवले आहेत, कुणाचे ते ज्याचं त्याला माहीत.

गणपतीपेठ | मंगळवार, सकाळी ९:३४

हे आमचं विमान तुम्हीच पाडलंत हो.

शाहूपुरी | मंगळवार, रात्री १०:२०

दोन दिवस इकडं आलो नाही, कारण आबांना सांगायचं कसं तेच सुचत नव्हतं. आज सांगितलं.

संध्याकाळी सोप्यात बसले होते. मी पत्रा आणून त्यांच्या मांडीवर ठेवला, उजव्या बाजूला बसलो आणि हळूच म्हटलं, आबा, ही टाकी आहे म्हणतात, विमानाचा तुकडा नव्हे. त्यांनी पत्रा हातात घेतला, त्या गोल कडेत अंगठा फिरवला आणि म्हणाले,

"टाकीच हाय. त्याच दिवशी ठावं हुतं. भरायचं तोंड हाय की हे."

मी म्हटलं, मग इतकी वर्षं पडलं-पडलं काय म्हणत होतात?

"पडली की टाकी."

खरंच सांगतो, हसावं की रडावं कळेना. पुढं बराच वेळ बोलले, एवढं सलग मी त्यांना कधी ऐकलं नव्हतं. पहिल्या दिवशी क्लिप देणाऱ्याचे आणि यांचे हात जुळत नव्हते. गोळ्यांच्या रिकाम्या पितळी पुंगळ्या पायाखाली इतक्या साचल्या की चौथऱ्यावर पाय घसरला आणि ते गुडघ्यावर पडले, पण क्लिप सोडली नाही, कारण ती सुटून पडली तर काय होईल याची भीती विमानापेक्षा जास्त होती. नळी तापली की बदलायची, तेव्हा हातमोजा एकच होता, दोघांत. विमान त्यांनी त्या दिवशी पाहिलंच नाही. आवाज तेवढा ऐकला, उजव्या कानानं.

मी विचारलं, मग तुम्ही पाडलं नाही तर झालं काय? ते म्हणाले, बॉम्ब रडारवर पडला नाही, पलीकडं विहिरीजवळ पडला. विहिरीचा काठ गेला. संध्याकाळी रडारची जाळी फिरत होती. "ती फिरत्याली बघून जेवलो."

आणि आजीला पत्रा पूजेत ठेवायला तुम्ही सांगितलंत का, असं विचारलं. म्हणाले, तिनंच ठेवला, मला काय विचारलं व्हतं व्हय.

निवृत्त_एल७० | मंगळवार, रात्री १०:५५

बाळा, आबांनी जे सांगितलं ते आम्हाला वर्गात सहा महिने शिकवतात. तोफेचं काम विमान पाडणं नव्हे, त्याचा नेम चुकवणं. पायलट सरळ रेषेत आला तरच बॉम्ब बसतो. समोर गोळ्यांचं जाळं दिसलं की तो दोन सेकंद आधी वळतो किंवा शंभर मीटर उंच राहतो. तेवढ्यानं बॉम्ब विहिरीवर जातो. आणि टाक्या टाकून दिल्या म्हणजे इंधन गेलं. आता त्याला घिरटी घालून दुसऱ्यांदा यायला सवड नाही, घर गाठायचं बघावं लागतं.

याचा रकाना कुठल्याच वहीत नसतो. न पडलेल्या बॉम्बची नोंद कोण करणार?

विहिरीचा काठ गेला हे मात्र लिहून ठेवा. कोणत्या बाजूचा, ते पण विचारा.

बेदाणा | मंगळवार, रात्री ११:१०

हातमोजा एकच, दोघांत. हे वाचून पटलं की आबा तिथं होते. हे कुणी घरबसल्या रचत नाही.

एक विनंती. पत्रा शाळेत द्याल तेव्हा घासूनपुसून चकचकीत करू नका. आणि उघड्या हातानं पोरांना देऊ नका, फाटलेली कड ब्लेडसारखी असते.

मिरजमळा | बुधवार, सकाळी ७:३०

आबांना मिरजेतून नमस्कार. माझा पहिला प्रतिसाद काढून टाकता आला तर बरं होईल.

चावडी_नियंत्रक | बुधवार, सकाळी ८:००

राहू द्या. त्याच्यामुळेच देवय्या आले.

स्वाती_विटा | बुधवार, सकाळी ११:२०

शाहूपुरी, चिठ्ठीचं काय झालं? उद्या गुरुवार.

शाहूपुरी | बुधवार, रात्री ९:४५

दिली. आबांनीच सांगितली, पुतणीनं लिहून घेतली. मी लिहिलेली चार ओळींची त्यांना वाचून दाखवली होती, ती त्यांनी ऐकली आणि म्हणाले, लांबलीय.

आता असं आहे :

"विमानाच्या टाकीचा पत्रा. अमृतसर, सप्टेंबर १९६५. कड धारदार आहे, हात लावू नये."

पुतणीला खाली आबांचं नाव घालायचं होतं. आबा म्हणाले, घालायचं तर सहा तोफांवरच्या सगळ्यांची घाल. तिनं वही काढली आणि ते नावं आठवत बसलेत. आत्तापर्यंत एकोणीस झालीत. त्यातला एक वाठारचा होता, त्याचं आडनाव आठवेना म्हणून मघापासून उजवा कान धरून बसलेत.

काका, विहिरीचा पूर्वेकडचा काठ. मोट चालायची त्या बाजूचा.